खोलीत आई नसताना

९ जानेवारी

एक्क्याण्णव! शंभरात एक्क्याण्णव!

लॅबमधल्या चष्मेवालीने आकडा फळ्यावर लिहिला. मी उठले, तिच्या हातातून पेन काढून घेतलं आणि आकड्याखाली दोन जाड रेघा मारल्या. दाढीवाले सर हसले. हसू देत. सव्वीस वर्षं सगळं जग सांगत आलं, त्याला काही कळत नाही हो, उगाच जीव आटवू नका. आणि आज लॅबमधल्या मशीनने माझ्या पोराच्या मनातलं शंभरात एक्क्याण्णव वेळा ओळखलं. त्याने नुसतं "अं" केलं की मशीन बोलतं — पाणी. पंखा. खिडकी. गाणं. बाबा. अख्ख्या खोलीला ऐकू जाईल असं!

राजे चाकाच्या खुर्चीत मान तिरकी करून बसले होते. घरात त्याला राजेच म्हणतो, सगळं हातात आणून द्यावं लागतं म्हणून. छातीला पट्टा, गालाला चिकटपट्ट्या, समोर कॅमेरा. शोभत होतं सगळं.

घरी येऊन यांना सांगितलं. "बरं झालं" म्हणाले आणि पेपरचं पान उलटलं. चाळीस वर्षं छापखान्यात प्रुफं तपासलेला माणूस. चूक सापडल्याशिवाय तोंड उघडायचं नाही अशी शपथच आहे.

१० जानेवारी

सकाळपासून तीन जणींना फोन करून आकडा सांगितला. हे म्हणाले, आता चौथा करू नकोस. चौथा केला.

१६ जानेवारी

हे एकदा नीट लिहून ठेवते, पुढे माझं मलाच आठवायचं नाही.

मशीन त्याचं चार बाजूंनी ऐकतं. गळ्यापाशी माइक — आवाजासाठी. समोर कॅमेरा — चेहरा आणि नजर. छातीला पट्टा — श्वास कसा चाललाय ते. गालावर आणि गळ्यावर चिकटपट्ट्या — कुठला स्नायू ओढला जातोय ते. यातलं एकटं काहीच उपयोगाचं नाही. जन्मताना श्वास कोंडला तेव्हापासून हात त्याचे ऐकत नाहीत, जीभ ऐकत नाही, आणि "अं" तर पाण्यालाही तोच आणि पंख्यालाही तोच. पण चारही एकत्र धरलं की फरक कळतो. मल्टिमोडल म्हणतात म्हणे याला. एवढा मोठा शब्द कशाला? भाजी शिजली की नाही ते मी काय नुसत्या नाकाने ठरवते? वास, रंग, बुडबुड्यांचा आवाज, डाव टोचून — सगळं मिळून ठरतं. आम्ही बायका जन्मभर मल्टिमोडलच.

आणि मशीनला हे शिकवलं कोणी? मी! त्याच्या रेकॉर्डिंगचे छोटे छोटे तुकडे केले, तीन हजार एकशे. प्रत्येक तुकडा बघून मी सांगायचं, इथे त्याला काय हवं होतं. शाळेत गणितात दोनदा गटांगळ्या खाल्लेली मी आज एआयची मास्तरीण आहे.

का करते हे? एकसष्ट संपलं. मागच्या वर्षी जिन्यात छातीत कळ आली आणि मी पायरीवर बसले तेव्हा देवाचं नाव नाही आठवलं. एवढंच आलं मनात — मी गेले तर याला तहान लागलीय हे ओळखणार कोण? हे? यांना स्वतःची तहान कळत नाही.

मशीन लॅबचं आहे. मे महिन्यात कमिटी परीक्षा घेणार. पास झालं तर ते कायमचं आमच्या घरी. नाही झालं तर पट्टे सोडायचे आणि पुढच्या कुटुंबाचा नंबर. एक्क्याण्णव असताना नापास कशाला होतंय म्हणा!

१९ जानेवारी

दाढ ठणकतेय. आत्ताच व्हायचं होतं.

२३ जानेवारी

आजचा दिवस कॅलेंडरातून फाडून टाकावा.

काल दाढ काढली. तोंडात बोळा, गाल फुगलेला, बोलायची बंदी. हे म्हणाले, आज नको जाऊ. पण कमिटीतल्या बाई सहज बघायला येणार होत्या, मग मी घरी कशी बसेन? गेले. नेहमीच्या जागी बसले, त्याच्या उजव्या हाताला. हूं की चूं करता येत नव्हतं.

आणि मशीनला वेडाचा झटका आला. थंडीत तीनदा पंखा मागितला. लाळेने ठसका लागला तर म्हणे गाणं. बाबा समोर नाहीत, तरी बाबा, बाबा, बाबा. बाईंनी वहीत काहीतरी लिहिलं, मान हलवली आणि गेल्या. चष्मेवालीने आकडा फळ्यावर लिहिलासुद्धा नाही. मी तिच्या कागदात डोकावून पाहिला. एकोणीस.

एक्क्याण्णवाचे एकोणीस! राजे बिचारे घामाघूम. आणि मला त्याला समजवायला तोंड नाही.

२४ जानेवारी

वायरी तपासल्या. कॅमेरा बदलला. पट्टा नवीन आणला. सगळं ठीक आहे. मी कागदावर लिहून दिलं, बाईंनी फार अत्तर लावलं होतं. दाढीवाल्या सरांनी ते गंभीरपणे वाचलं.

२७ जानेवारी

लिहायची इच्छा नाही. पण लिहिते.

चष्मेवालीने मला एकटीला बोलावलं. कान-फोन घातला आणि म्हणाली, ऐका. जुनं रेकॉर्डिंग होतं, त्यातून त्याचा आवाज काढून टाकलेला. उरलं काय? मी! झाकणाचा आवाज — मी पाण्याची बाटली उघडतेय. मग म्हणे इथे त्याचं "अं". हुश्श — मी पदराने वारा घेतेय. मग त्याचं "अं". खुर्ची करकरली — मी खिडकीकडे निघालेय. मग त्याचं "अं". गाण्याआधी मी नाकातल्या नाकात गुणगुणते, बाबाच्या आधी दाराकडे बघून च् करते. कॅमेऱ्याच्या कोपऱ्यात माझं कोपर दिसतं. दर वेळी. तीन हजार एकशे वेळा. आणि परवा दाढेपायी मी गप्प, हात मांडीवर. झालं, मशीन बहिरं.

तिने आणखी एक करून पाहिलं होतं. राजेंचा आवाज, चेहरा, श्वास, सगळं पुसलं आणि फक्त माझी खुडबूड मशीनला ऐकवली. अठ्ठ्याऐंशी! राजे खोलीत नसते तरी अठ्ठ्याऐंशी!

"काकू," ती म्हणाली, "मशीन त्याला शिकलंच नाही. तुम्हाला शिकलं."

रडकुंडीला आली होती तीही. खोलीत दुसरं माणूस असू नये हे त्यांच्या पहिल्या धड्यातलं. पण मी उठले की हा रडतो, म्हणून मला बसू दिलं. तिने बसू दिलं आणि मी बसले. दोघींचीही चूक.

मी मात्र तिला नाही नाही ते बोलले. मशीन मठ्ठ आहे, तुम्ही दीडशहाणे आहात, माझ्या पोराचं मला कळतं, तुम्ही कोण सांगणारे. तळपायाची आग मस्तकात गेली होती. टॅक्सीत बसल्यावर राग उतरला आणि मग खरी भीती वाटली. झाकण आधी उघडलं आणि "अं" नंतर आलं, तर पाणी मागितलं कोणी? त्याला हवं होतं, की मी देतेय म्हणून तो बिचारा हो म्हणत होता?

हे वाक्य खोडावंसं वाटतंय. राहू दे.

२८ जानेवारी

गेले नाही. फोन उचलला नाही. दूध दोनदा उतू गेलं.

३१ जानेवारी

तीन दिवस मी भांडी आपटतेय. आज हे पेपर खाली ठेवून म्हणाले, पुन्हा पहिल्यापासून करायचं असेल तर त्याच्याजवळ खोलीत ते बसतील. त्यांचा आवाज होत नाही. कोपरही हलत नाही.

मला हसूच फुटलं. चार दिवसांत पहिल्यांदा. छत्तीस वर्षं या माणसाच्या मुकेपणाला बोल लावला, आणि शेवटी तोच कामाला आला!

चष्मेवालीला फोन केला. माफी मागायची होती, पण तोंडातून निघालं ते असं की, मी बाहेर बसते, सुरू करा. ती म्हणाली, काकू, शून्यापासून आहे हं. मी म्हटलं, शून्य तर शून्य, मे महिना लांब आहे. लांब नाहीये.

३ फेब्रुवारी

माझी जागा: दाराबाहेर, प्लास्टिकची खुर्ची. दाराला छोटी काच होती, तिच्यावरही आतून कागद चिकटवला. माझ्यासाठी! चोरासारखं वाटलं.

पहिला अर्धा तास तो रडत होता. मी दाराची मूठ धरून उभी. चष्मेवालीने आधीच सांगून ठेवलं होतं, मूठ फिरवलीत तर आजचा दिवस वाया. फिरवली नाही. कशी नाही फिरवली ते माझं मला माहीत.

नवी पद्धत अशी: त्याला काय हवंय ते कोणी सांगायचंच नाही. मशीनने अंदाज करायचा, तो मोठ्याने बोलायचा, आणि जे बोललं ते त्याला द्यायचं. त्याने घेतलं तर बरोबर. तोंड फिरवलं तर चूक. म्हणजे मशीनचा अंदाज चुकला की माझ्या पोराला चुकीची वस्तू! तहान लागली असेल आणि पंखा लावतील! मी बाहेरून पंख्याचा आवाज ऐकला, तो दोन मिनिटं चालू होता. दात-ओठ खात बसले. दाढ नाही तिथे हिरडी खाल्ली.

५ फेब्रुवारी

बारा. एकोणिसावरून बारा. प्रगती म्हणतात ती हीच.

१२ फेब्रुवारी

चौदा.

त्याने रडणं तिसऱ्या दिवशीच थांबवलं. मी अजून थांबवलेलं नाही, पण ते कोणाला माहीत नाही.

२० फेब्रुवारी

दार धाडकन उघडलं आणि चष्मेवाली पळत बाहेर. मला वाटलं पडला! ती माझे दोन्ही हात धरून म्हणाली, काकू, "नको" सापडलं!

मला काही कळेना. मग तिने पडद्यावर दाखवलं. मी दिलेल्या तीन हजार एकशे तुकड्यांत पाणी आहे, पंखा आहे, गाणं आहे, पण "नको" एकदाही नाही. तिने तेव्हा विचारलंही होतं. मी म्हटलं होतं, माझा मुलगा गुणी आहे, तो नाही म्हणतच नाही. कसा म्हणेल? नको म्हणायची वेळच मी येऊ देत नव्हते. आता या लोकांनी पंधरा दिवस चुकीच्या वस्तू देऊन देऊन ती वेळ आणली. आणि "नको"ला आवाजच नाही! श्वास धरतो, दोन आकडे मोजेपर्यंत, आणि नजर खाली डावीकडे नेतो. बस्स. माइकला तिथे काहीच ऐकू येत नाही. पट्ट्याला श्वास थांबलेला कळतो, कॅमेऱ्याला नजर कळते, दोन्ही जुळलं की "नको". आम्ही सगळे आवाजात शोधत होतो आणि हा गप्प राहून सांगत होता.

पडद्यावर पाहिलं मी. एकदा, दोनदा, सहादा. पंखा लागला, आणि माझ्या मुलाने श्वास धरला. स्पष्ट. आंधळ्यालाही दिसेल इतकं स्पष्ट. मशीन म्हणालं, नको. आणि कोणीतरी पंखा बंद केल्यावर तो हसला. असा हसलेला मी त्याला पाहिला नव्हता.

घरी येताना यांना सांगायला लागले, तर हे शांतपणे म्हणाले, "मला माहीत होतं. नको असलं की तो श्वास धरतो."

"मग इतकी वर्षं सांगितलं का नाहीत?"

"तू विचारलंस कधी?"

२२ फेब्रुवारी

अबोला धरलाय. अडचण एवढीच की यांच्या ते लक्षात आलेलं नाही.

६ मार्च

एक्केचाळीस!

"नको" सापडल्यापासून गाडी सुसाट आहे. चष्मेवाली म्हणते, आता मशीनला आपली चूक तिथल्या तिथे कळते. पाणी म्हणालं, त्याने श्वास धरला, लगेच दुसरं विचारतं. खिडकी? अंथरूण? गाणं? तो हो म्हणेपर्यंत. हो म्हणजे भुवया वर आणि "अं" जरा लांब. माझ्यापेक्षा धीर आहे त्याला. मी तर तिसऱ्या वेळेला कपाळाला हात लावला असता.

अबोला सोडला. एकटीने किती दिवस धरायचा?

१८ मार्च

आज आवाज निवडायचा होता. मशीन आतापर्यंत एका बाईच्या आवाजात बोलायचं. आता त्याचा स्वतःचा. चष्मेवालीने आधी मला सहाही आवाज ऐकवले. मला दुसरा आवडला — कोवळा, गोड, मुलासारखा. पण मी दाराबाहेर! आत काय झालं ते नंतर कळलं. दुसऱ्याला नको. तिसऱ्याला नको. पाचव्याला भुवया वर, आणि इतका लांब "अं" की हे म्हणाले, निम्मा मजला वळून बघत होता.

पुन्हा ऐकला मी तो पाचवा आवाज. जाडाभरडा, बातम्या देणाऱ्या बाप्यासारखा. मी मनातल्या मनात माझ्या मुलाला सव्वीस वर्षं कोवळ्या आवाजात बोलताना ऐकत होते. आणि हा बाप्या होऊन बसलाय केव्हाचा.

दार उघडल्यावर त्या जाड आवाजात मशीन म्हणालं, "आई." मी सरळ उभी राहिले. कोणी वडीलधाऱ्याने हाक मारावी तशी.

२ एप्रिल

मशीन सरावासाठी दोन दिवस घरी आणलंय. सकाळी नेहमीप्रमाणे दूध घेऊन गेले. जाड आवाज आला: "नको."

मी म्हटलं, अरे दूध आहे. नको. साखर घालते. नको. मग चष्मेवालीने शिकवलं तसं एकेक विचारलं. चहा? भुवया वर! लांब "अं"! हे शेजारच्या खोलीत इतके हसले की त्यांना ठसका लागला. आता बोला! सव्वीस वर्षं रोज सकाळी दूध पाजलं, वर सगळ्यांना सांगत फिरले, आमच्या राजेंना दुधावाचून चालत नाही.

चहा दिला. चमच्या-चमच्याने अख्खा कप संपवला. लुच्चा.

२१ एप्रिल

अठ्ठ्याहत्तर. आणि हे खरे अठ्ठ्याहत्तर आहेत, माझ्या कोपराचे नाहीत. मशीन आता रोज नवे नवे शब्दही शिकतंय.

परीक्षेची तारीख ठरली, ८ मे. वीस प्रश्न, पंधरा बरोबर आले पाहिजेत. मी खोलीत तर नाहीच, मजल्यावरही नको. बाईंनी खास कळवलंय. जानेवारीतला प्रकार त्या विसरलेल्या नाहीत. यांनाही बंदी आहे. मी त्यांना म्हटलं, बरं झालं, आता कळेल बाहेर बसणं काय असतं.

७ मे

उद्याची पिशवी तीनदा भरली. राजे मात्र निवांत. खुशाल चहा मागतायत!

८ मे

पास! पास! पास!

सगळं लिहिणार आहे. क्रमाने.

कमिटीचे तिघे. त्यांनी आपल्याबरोबर एक छोटा सिनेमा आणला होता, दहा मिनिटांचा, आम्ही कोणी न पाहिलेला, चष्मेवालीनेसुद्धा नाही. तो त्याला एकट्याला दाखवला. मग त्यावर प्रश्न. प्रत्येक प्रश्न दोनदा, उलटसुलट, म्हणजे उगाच हो-हो म्हणून निभावायला नको. कुत्रा पळाला की माणूस? माणूस पळाला की कुत्रा? दोन्ही वेळा तेच, बरोबर उत्तर आलं तर एक मार्क. माझीच पाचावर धारण बसली असती.

आम्ही दोघं खाली, गाड्या लावतात तिथे पायरीवर. एक तास, वीस मिनिटं. हे घड्याळाकडे बघत होते आणि मी यांच्याकडे. मनात एकच: हा एकटा आहे वर. आयुष्यात पहिल्यांदा परक्या तीन माणसांसमोर एकटा आहे, आणि त्याला जे म्हणायचंय ते माझ्यातून जाणार नाहीये. चुकला तरी त्याचं, जिंकला तरी त्याचं. मी बाटली नेली होती पाण्याची. झाकण उघडलं नाही.

चष्मेवाली जिन्यावरून उतरली ती धावत नव्हती, म्हणून मला वाटलं, गेलं सगळं. समोर येऊन खालीच बसली, फरशीवर. "सतरा," म्हणाली.

मी किंचाळले. गाड्यांमधून दोन कबुतरं उडाली. आणि हे काय म्हणाले? हे म्हणाले, तीन कुठले चुकले?

मग ती जरा घुटमळली. आणखी एक गोष्ट आहे, सांगू का नको ते कळत नाही म्हणाली. चौदाव्या प्रश्नाला तो दमलेला दिसला, घाम आला होता. बाईंना दया आली. त्यांनी पेपर बाजूला ठेवून विचारलं, आईला बोलावू का वर?

"मग?" मी म्हटलं.

"श्वास धरला त्याने, काकू. मशीन म्हणालं, नको. आणि मग आपणहून आणखी एक शब्द. नंतर."

काळजात चर्र झालं. खोटं कशाला लिहू, झालंच. एक क्षण. पुढच्याच क्षणी मी त्या पायरीवर उभी राहून टाळ्या वाजवत होते! आई नको, नंतर! आधी पेपर पुरा करायचाय त्याला! माझ्याविना, परक्या बाईला, तोंडावर, जाड आवाजात नको म्हणाला माझा मुलगा. आता मी आज रात्री गेले तरी चालेल. उद्या सकाळी त्याला तहान लागली तर तो सांगेल. जो कोणी असेल त्याला सांगेल.

वर गेले. त्याने मला पाहिलं आणि मशीन म्हणालं, "आई. चहा."

९ मे

अकरा जणींना फोन. यांनी मोजले, पण अडवलं नाही.

२० मे

मशीन घरात येऊन आठवडा झाला. घरात आता तीन माणसं राहतात, आधी अडीच होती.

आज आमचं पहिलं भांडण झालं! केस कापायचे म्हटलं, नको. उन्हाळा आहे रे. नको. वाढलेत किती, बघ आरशात. आरसा नको! मी चिडले, मी ओरडले, तोही ओरडला, म्हणजे मशीनचा आवाज त्याने वाढवायला लावला. शेवटी हे मध्ये पडले. त्याचे केस आहेत, त्याला ठरवू दे. दोघा बापलेकांची युती झालीय. मी फणकाऱ्याने स्वयंपाकघरात आले आणि ओट्याला टेकून खूप हसले. सव्वीस वर्षं ज्या घरात कोणी माझ्याशी भांडलं नाही, तिथे एकदम दोन शत्रू.

केस तसेच आहेत. कपाळावर येतात. खरं तर छान दिसतात.

४ जून

धाकट्या बहिणीचा फोन. दरवर्षीचाच, ये ना गं ताई चार दिवस. मी दरवर्षीचंच उत्तर द्यायला तोंड उघडलं. कशी येऊ, याला माझ्याशिवाय—

आणि थांबले. फोन हातात तसाच. खोलीत जाऊन त्याला विचारलं, मी मावशीकडे जाऊ का? चार दिवस? बाबा आहेत.

भुवया वर. "अं" इतका लांब की मला जरा रागच आला. मशीन म्हणालं, "जा." एवढं आनंदाने म्हणायची काही गरज नव्हती.

११ जून

धाकटीकडे. काल आले. सकाळपासून दोनदा फोन केला, दोन्ही वेळा जाड आवाजात उत्तर मिळालं, सगळं ठीक.

आज ती गॅसपाशी उभी होती. म्हणाली, ताई, आज तुझ्या आवडीचं करते. लहानपणी तुला काय आवडायचं ते आठवतंय मला, पण आता काय आवडतं ते सांग.

मी तोंड उघडलं. काहीच आलं नाही. त्याला काय आवडतं ते माहीत आहे, यांना काय पचतं ते माहीत आहे.

तिने गॅस बंद केला, स्टूल ओढलं आणि माझ्यासमोर बसली.

"सावकाश सांग," म्हणाली. "मी थांबते."